सोजराबाईंच्या नावाची माशी

वरवे बुद्रुक,
शनिवार

प्रिय सारिका,

मोबाईल हाताशी असताना पत्र लिहितोय म्हणजे याचं डोकं फिरलंय, असं तू म्हणशील. म्हण. फोनवर तू मधेच बोलशील आणि मी नेहमीसारखा हो ला हो करून ठेवून देईन, म्हणून कागद घेतलाय. आधी वाईट बातमी सांगून टाकतो. आपली माशी गेली. तुझ्या आईचं नाव दिलेली, पालीला त्यांच्याच कारल्याच्या मांडवात सापडलेली 'डेकस सोजराई' ही वेगळी माशी नाहीच. डेकस या फळमाश्यांच्या जातकुळीचं नवं वर्गीकरण माझ्याकडे आहे, हे तुला ठाऊक आहे. दोन वर्षं मी ठिकठिकाणच्या पेट्या मागवून एकेक माशी भिंगाखाली घेतोय. आपल्या सात माश्यांपैकी एकीचा पाय तपासणीला दिला होता, त्याचा निकाल आला. कारल्या-काकडीवर सगळीकडे असते तीच ही साधी माशी. नव्या यादीत आईंचं नाव जुन्या नावाखाली, बारीक अक्षरात, रद्द म्हणून जाईल.

निकाल वाचला तेव्हा मला काहीच वाटलं नाही. दात काढताना इंजेक्शन देतात आणि आपलाच गाल परका होतो ना, तसं झालं. चहा प्यायलो, यादीतली ओळ दुरुस्त केली, पुढची पेटी उघडली. चार दिवसांच्या सुट्टीवर घरी आलोय तरी तेच. आमची संजीवनीताई काल म्हणाली, "तुला काय झालंय रं? ताटात लक्ष न्हाई तुजं." काही नाही म्हटलं, आणि ते खरंच होतं.

गेल्या महिन्यात पालीला गेलो होतो, आईंना सांगायलाच. तुला कळवलं नाही. राजगडावर जाणाऱ्या पोरांसाठी त्यांची पिठलं-भाकरी चालूच आहे, गुडघे दुखतात तरी. चुलीमागच्या भिंतीवर आपल्या शोधनिबंधाचं पहिलं पान फ्रेम करून लावलंय, धुरानं पिवळं झालंय. जेवायला बसलेल्या प्रत्येकाला त्या दाखवतात. "ही माजी माशी. कारली नासवती, पर नाव राखती." पोरं हसतात, फोटो काढतात. गावात त्यांना कोणी विचारत नसे, तुझे वडील गेल्यावर तर रखमाजीमामांच्याच शब्दावर घर चालायचं. आता सरपंचसुद्धा बाहेरचा माणूस आला की आधी फ्रेम दाखवायला आणतो. मी दोन भाकऱ्या खाल्ल्या, "येतो" म्हटलं आणि एसटी पकडली.

तुला तुमची ती पडवी आठवते? बुटांच्या खोक्यांत वाळू, वाळूवर किडकी कारली, आणि शेजारी शेळ्या. एकाच प्रकल्पावर आपण दोघं, मी वेल्ह्याच्या भाड्याच्या खोलीतून रोज येणारा. कोषातून निघालेली माशी फिकट असते. तिला साखरपाणी देऊन चार-पाच दिवस जगवायची, अंगावरचे पट्टे, डाग नीट उठू द्यायचे, मगच मारायची. हा नियम तू प्रत्येक खोक्यावर खडूनं लिहून ठेवला होतास, माझ्यावर विश्वास नव्हता म्हणून. बरोबरच होतं तुझं. निबंधात पहिलं नाव तुझं आहे आणि माश्यांच्या चिठ्ठ्यांवरचं अक्षरही तुझंच. आता नव्या यादीत कारण छापून येईल: 'रंग चढण्याआधी मारलेले नमुने.' वाचणारा प्रत्येक जण चूक तुझ्या नावावर टाकेल. तूही टाकशील. कुठल्या दिवशी आपलं लक्ष चुकलं म्हणून वह्या काढून बसशील, ओळखतो मी तुला.

वह्या काढू नकोस. त्या सकाळी तू पालीत नव्हतीस. मामा तुम्हा सगळ्यांना टेम्पोत घालून भोरला तुझ्या लग्नाचा बस्ता बांधायला घेऊन गेले होते. शेळी व्यायला झाली होती म्हणून आई मागे राहिल्या. सात माश्या नुकत्या बाहेर पडल्या होत्या. मी माश्या मारायची बाटली उघडली तेव्हा आई म्हणाल्या, "आरं, आत्ता तर जलमल्यात. अजून अंग धरलं न्हाई त्यास्नी. चार दिस जगू दे की." मला नियम माहीत होता. पण संध्याकाळी तुम्ही साड्या घेऊन परत येणार होता, त्या पडवीत उलगडून बघणार होता, आणि चार दिवस मी तिथं बसून साखरपाणी घालणार होतो. ते मला जमलं नसतं. मी माश्या मारल्या, खोकी आवरली, दुपारच्या एसटीनं वेल्ह्याला गेलो. सहा महिन्यांनी लग्नानंतर तू प्रयोगशाळेत आलीस, चिठ्ठ्या लिहिल्यास, आणि मी नियम पाळलाच असेल असं धरून, त्या फिकट माश्या बघून "सम्राट, ही नवीन आहे!" म्हणून ओरडलीस. तेव्हा खरं सांगितलं असतं तर अशी घाई का केली तेही सांगावं लागलं असतं. वरव्याच्या बौद्धवाड्यातला मी आणि तुझे मामा. विचारायचा प्रश्नच नाही, हे तुला न विचारता मी ठरवून टाकलं होतं. माझं तुझ्यावर प्रेम होतं, सारिका. बारा वर्षांनी लिहितोय आणि एक अक्षरसुद्धा वाकडं पडलं नाही, याचीच मला भीती वाटते. 'नमुने मी मारले, वेळेआधी' हे माझ्या नावानिशी छापा, असं कालच संपादकांना कळवलंय. उद्या पालीला जाऊन आईंना सांगेन. हे पत्र तुला मंगळवारी-बुधवारी मिळेल, मुद्दामच पोस्टानं पाठवतोय. आईंसमोर मला सांगता येईल. तू तिथं असतीस, तर आलं नसतं.

तुझाच,
सम्राट