उतू गेलेलं दूध

आई, दादाच्या लग्नासाठी औरंगपुऱ्यातल्या स्टुडिओतून भाड्यानं आणलेला व्हिडिओ कॅमेरा दुसऱ्या दिवशी सकाळी अजून घरातच होता, म्हणून हे सगळं झालं. लग्नाच्या कॅसेटमध्ये तू कुठंच नाहीस. मांडवात होतीस, पण कॅमेरा वळला की पाहुण्यांच्या मागं सरायचीस. शेवटी मी स्वयंपाकघरात शिरून तुझ्यावर कॅमेरा रोखला. तू तोंडावर पदर ओढलास. "माझं काय काढतीस गं, त्या दुधाकडं बघ," म्हणत बाहेर निघून गेलीस. मी आज्ञाधारक लेक, कॅमेऱ्यातूनच दुधाकडं बघत राहिले. साय थरथरते, कडेनं बुडबुडे येतात, फेस काठापर्यंत चढतो आणि छावणीतल्या गवळ्याचं ते घट्ट दूध ओटाभर पसरतं. तू धावत येऊन गॅस बंद केलास. मी म्हणाले, बघतच होते की. तू म्हणालीस, "बघत व्हतीस, तर हात कुठं गेला व्हता?"

तू गेलीस, आणि तुझा आवाज आता त्या चित्रणात आहे तेवढाच उरलाय. त्यावर मी एक छोटी फिल्म करतेय. तिला गोष्ट अशी नाही. ते दूध, तोच ओटा आज कसा दिसतो, आणि मधे गेलेली वर्षं. संकलन करणाऱ्या मित्रानं ते दृश्य उलटं फिरवून दाखवलं. सांडलेलं दूध गोळा होऊन पातेल्यात परत गेलं, फेस खाली बसला, आणि मला खुर्चीतच रडू फुटलं. पण तुझे शब्दही उलटे झाले, कुठल्या मुलखाची बोली कोण जाणे. मित्र म्हणाला, चित्र उलटं राहू दे, आवाज सुलटा ठेवू. तसंही करून पाहिलं. तर दूध शहाण्यासारखं खाली उतरतंय आणि तू उगाच करवादतेस, असं दिसायला लागलं. लोकांनी तुला कजाग समजावं, हे मला चालणार नव्हतं. तुझा राग खरा ठरायचा, तर दूध सांडायलाच हवं. फिल्ममध्ये ते आता सांडतं.

हे लिहून कुठं धाडणार? तरी एक सांगते. घरी एकटी असले की दूध तापायला ठेवते, गॅसच्या बटणावर हात ठेवून उभी राहते, आणि कधी कधी मुद्दाम उतू जाऊ देते. थोडा वेळ कान देऊन थांबते. कुणी रागवत नाही. मग ओटा पुसून घेते.