गाजरासाठी माती

२० ऑक्टोबर

मामा आज पण उठले नाहीत. पोटच्या पोराला शेतात माती देऊन आले तेव्हापासून बाजेवर भिंतीकडे तोंड. दीड भाकरी खाणारा माणूस, चतकोर खातो. वर मलाच विचारतात, "तू जेवलीस का?"

घरात आता मी आणि मामा, सासरे माझे, दोघंच. तेही गेले तर — नको, लिहीत नाही.

२२ ऑक्टोबर

मी खोटं बोलले. मामा, विहिरीजवळ गाजर लावायचंय, पण मला खणायला जमत नाही.

मग भिंतीकडूनच, "काळ्या रानात गाजर? घट्ट मातीत दोन पाय फुटतील त्याला."

म्हटलं, मग काय करायचं ते तुम्हीच दाखवा.

उठले! चप्पल शोधायला लागले.

२३ ऑक्टोबर

विहिरीजवळची जागा मामांना पसंत पडली नाही. सरळ कोपऱ्यात गेले, वैजूच्या समाधीशेजारी. "हितली माती एकदा खालीवर झालीय. भुसभुशीत लागंल."

नवरा होता तो माझा. पण अडवलं नाही — इतक्या दिवसांनी त्यांच्या हातात कुदळ होती ना.

२६ ऑक्टोबर

दोन दिवस ढेकळं फोडली. हराळीच्या मुळ्या मी वेचल्या. मागच्या खोलीचं बांधकाम अर्धंच राहिलं, त्याची उरलेली वाळू टोपल्यांनी नेली. शेणखत जुनंच हवं म्हणाले, ताज्याने गाजराला केस येतात.

शेजारच्या रानातून रहिमाबी आल्या. "काय संतरामभाऊ, गाजर लावून राहिले का विहीर खणून राहिले?"

मामा म्हणाले, "पानी लागलं तर अर्धं तुमचं!" हसले. खरंच हसले.

जाताना रहिमाबी समाधीपाशी थांबल्या. मला हळूच म्हणाल्या, "तुमी गेलेल्याला मांडी घालून बसवता, आमी झोपवतो. माती तर एकच. माणूस मातीत हात घालून राहिला, चांगलं हाय पोरी."

रात्री मामा पूर्ण भाकरी जेवले. वरून ठेचा मागितला.

२९ ऑक्टोबर

दादाचा फोन, माहेरून, नरसीहून. "म्हाताऱ्यापायी किती दिवस बसणारेस तिथं? वय काय तुझं?"

स्पीकर चालू होता. मामा मोरीत हात धूत होते. धूतच राहिले.

३० ऑक्टोबर

परत अर्धी भाकरी. पण शेतात गेले, उजाडायच्या आधी.

१ नोव्हेंबर

लक्ष्मीपूजन. यंदा आमच्याकडे काही नाही. मामा दिवसभर शेतात.

२ नोव्हेंबर

मी डबा घेऊन गेले तर मामा कमरेइतके खड्ड्यात! म्हटलं, मामा, गाजर वीतभर असतं.

"मुळी खाली जाते. तुला काय कळतं."

बी आणून ठेवलंय, कधी टाकायचं?

"माझं झालं की टाक."

डबा तसाच परत आणला. संध्याकाळी स्वतःहून म्हणाले, "उद्या भाऊबीज. नरसीला जा. मी हाय तवर तुझा पाय निघायचा न्हाई, पोरी. चांगली राहून ये." पिशवी पण त्यांनीच काढून दिली. बरं म्हटलं. कधी उलट बोलले नाही त्यांना.

३ नोव्हेंबर

वारंगा फाट्यापर्यंत गेले. गाडी बदलायला उतरले आणि एकदम डोक्यात आलं — वाफा लांब असतो. मामांचा खड्डा चौकोनी आहे, वैजूसाठी खणला होता तसा.

परत फिरले. पिशवी बांधावर टाकून पळाले.

मामा खड्ड्यात बसले होते, मांडी घालून, पाठ ताठ. मला पाहून दचकले नाहीत. "मांडी बराबर बसते," म्हणाले.

मी उतरले आणि समोर बसले. गुडघ्याला गुडघा लागला.

"तू काहून उतरली? वर हो!"

आधी तुम्ही.

"मंजुषा, वर हो म्हनलं ना!"

आधी तुम्ही, मामा.

ऊन कलेपर्यंत तसेच. शेवटी तेच आधी चढले. मग वाकून मला हात दिला — आजवर सुनेचा हात कधी धरला नव्हता त्यांनी.