राखून ठेवलेला राइट विंग

३ सप्टेंबर १९५८, बुधवार
हायडेलबर्गच्या चाळिशीवरच्यांच्या फुटबॉल टीममध्ये नाव घातलं. चहाचं दुकान मार्गी लागलं, मालासाठी फोल्क्सवागन बस झाली, आता खेळ. कोल्हापुरात पेठेच्या टीममधून राइट विंगला खेळलोय. (एकदाच. पण राइट विंगलाच.)
कोच रेनी. स्कॉटिश, साठीचा. दोन महायुद्धांच्या मधली तेरा वर्षं पगारी फुटबॉलपटू. दुसऱ्यानंतर सैन्याबरोबर इथे आला, इथलीच बायको केली. मी माझा खेळ सांगायला लागलो, तर त्याने खिडकीबाहेर बघून विचारलं, त्या गाडीत किती माणसं मावतात? म्हटलं, चहाची खोकी काढली तर माझ्याशिवाय बारा. म्हणाला, झालं तर, घेतलं तुला. मला पळायलासुद्धा लावलं नाही! मुरलेली नजर.
संकल्प : रोज पहाटे नेकार नदीच्या काठाने धावणे.

४ सप्टेंबर
पाऊस. म्हणजे पडला नाही, पण आभाळ होतं.

७ सप्टेंबर, रविवार
पहिली मॅच. जिंकलो. मी खेळलो नाही, नव्याने आधी बघावं म्हणे. सगळ्यांना नेलं-आणलं मीच. येताना मागे कॅप्टन क्नाप (आमच्या गल्लीतला बेकर) हळूच म्हणत होता, आत्माराम नसता तर आज आपलं काही खरं नव्हतं. यांना वाटतं मला ऐकू येत नाही. माझे कान तिखट आहेत.
न खेळता हा परिणाम.

१५ सप्टेंबर
रेनी दुकानात चहाला. त्याचं करिअर काढून घेतलं. आठवड्याला चार पौंड, उन्हाळ्यात मॅचेस नसल्या की कोळशाची खाण. तेरा वर्षं पहिल्या टीमबरोबर प्रत्येक दौऱ्याला. स्कॉटलंडमधलं एक मैदान सोडलं नाही म्हणे. गोल किती मारले विचारलं. बराच वेळ चमचा फिरवून म्हणाला, चहा फर्स्ट क्लास आहे. मोठी माणसं आकडे सांगत नाहीत.
सुलेखा म्हणाली, अहो, तुम्हाला खेळवत नाहीत, मग त्यांचे चिखलाचे शर्ट आपल्या घरी का? म्हटलं, टीमचं सामान गाडीतच असतं म्हणून. आणि खेळवत नाहीत ती स्ट्रॅटेजी आहे. ती शर्ट पिळत होती. जरा जास्तच जोरात.

२१ सप्टेंबर, रविवार
आमचा एक जण तापाने आडवा. दहाच माणसं! मी बुटांच्या नाड्या आवळल्या. रेनी थेट माझ्याकडे आला आणि म्हणाला, मॅच संपेपर्यंत गाडी गरम करून ठेव, पोरं गारठतील. दहा जणांनी खेळून कसेबसे वाचले.
आता खात्रीच झाली. मला फायनलसाठी राखून ठेवलंय.

४ ऑक्टोबर, शनिवार
उद्या फायनल, ओडेनवाल्डच्या डोंगरातल्या खेड्यात. आज गास्टहाउसमध्ये (इथली खानावळ) माझ्या पाठीमागच्या टेबलावर क्नाप रेनीला म्हणाला, उद्या आत्माराम आला नाही तर आपण संपलो. रेनी म्हणाला, गेनाऊ. म्हणजे, अगदी बरोबर.
स्वतःच्या कानांनी ऐकलं.
प्रश्न घोट्याचा. क्लच दाबून दाबून डावा पाय धरलाय. मॅचआधी पाय जपावेत, हे रेनीचंच वाक्य. तेव्हा डोंगरात गाडी चालवायची नाही. रविवारी सकाळी पोस्टाची एकच बस जाते, तिने एकटाच पुढे जाईन. बाकीचे काय, येतीलच. कोणाला सांगत बसलो नाही.

५ ऑक्टोबर, रविवार. मैदानावरून
सर्वांत आधी मी. घोटा उत्तम. मैदानाला फेरी मारली. (अर्धी. उरलेली दम राखायला सोडली.)
दुपारी : त्यांचे अकरा आले. मला बघून आपसांत कुजबुजले. दबकलेत.
आपले अजून नाहीत. जर्मन असून उशीर!
नंतर : रेफरीने विचारलं, टीम कुठाय? म्हटलं, येतेय. विचारलं, तुमचा शर्ट? म्हटलं, गाडीत आहे. गाडी कुठाय? खिशात हात घातला. हाताला किल्ली लागली.

६ ऑक्टोबर
कप त्यांना बहाल.
सुलेखाने सांगितलं, सगळी टीम आपल्या दारात, बंद गाडीभोवती उभी होती. शर्ट आत, बॉल आत. रेनीने दुसरी किल्ली आहे का एवढंच विचारलं. तिने सगळ्यांना पोहे दिले. क्नापने दोनदा घेतले.
घोट्याचं कोणीच विचारलं नाही.

१० ऑक्टोबर, शुक्रवार
रेनी आला. सरळ विचारलं, मला कधी खेळवणार होतास?
म्हणाला, तेरा वर्षं मी बारावा होतो. बदली खेळाडू तेव्हाही नसायचा. वाटेत कोणी आजारी पडला तरच बाराव्याचा नंबर, आणि स्कॉटलंडात कोणी आजारी पडत नाही. शर्टांची पेटी उचलायची, बुटांना चरबी लावायची. नवव्या वर्षी एकाची गाडी चुकली, मी खेळलो. चार गोलांनी हरलो. तसा दिवस पुन्हा आला नाही.
जाताना म्हणाला, माझी पेटी फार जड होती. तुला निदान चाकं आहेत.
हिशोब केला. आज मी चव्वेचाळीस. नवव्या वर्षी बावन्न. काही अवघड नाही. तब्येत मात्र आतापासून राखली पाहिजे. पहाटे धावणे सुरू.
उद्या नको. उद्या क्नापच्या मुलीचं लग्न आहे. त्याने राग सोडून स्वतः येऊन बोलावलंय. सकाळी सातला, गाडी धुऊन.