दुकान धाकट्याच्या घरी जावे

मी, या कागदाखाली सही करणारा, वय वर्षे एकोणऐंशी, धंदा गुलाबाचे सरबत करून विकणे, राहणार दुकानामागच्या दोन खोल्यांत, आज पूर्ण शुद्धीवर असताना हे लिहून ठेवत आहे. दोन्ही डोळ्यांचे मोतीबिंदू काढून झाले आहेत, गुडघे कामातून गेले आहेत, पण डोके आणि नाक शाबूत आहे. डॉक्टरांचा तसा दाखला सोबत जोडला आहे. त्यात नाकाचा उल्लेख नाही, तो मी माझ्या जबाबदारीवर करतो.

हे लिहायला मला कोणी भरीस घातलेले नाही. उलट वकीलबाई म्हणाल्या, "काका, कोणाला काय द्यायचं तेवढंच लिहा. कारणं लिहायची नसतात." मी म्हटले, "कारणं सांगितली नाहीत तर लोक आपापली तयार करतात. मीही एकदा केली होती." त्यावर त्यांनी मला आणखी चार कोरे कागद दिले.

नऊ वर्षांपूर्वी मी एक मृत्युपत्र केले होते. दुकान मोडीत काढावे, पण धाकट्या भावाच्या माणसांच्या हाती पडू देऊ नये, असे त्यात लिहिले होते. ते आजपासून रद्द. मी ते फाडलेले मात्र नाही. कपाटाच्या वरच्या कप्प्यात आहे, आणि ते माझेच अक्षर आहे.

१. बँकेतली सगळी ठेव, माझ्या दिवंगत पत्नीचे दागिने आणि शिवणयंत्र माझ्या एकुलत्या एका मुलीला मिळावे. ती दूरच्या शहरात शाळेत शिकवते, आपल्या घरी सुखी आहे. दुकान तिला दिलेले नाही याचा अर्थ मी तिच्यावर नाराज आहे असा कोणी काढू नये. तिला मी फोनवर सगळे सांगितले, तेव्हा ती बराच वेळ रडली आणि मग म्हणाली, "बाबा, दुकान काकूलाच द्या. माझ्या लग्नात काय झालं ते मी विसरलेली नाही." तिच्या लग्नात काय झाले ते कलम चारमध्ये येईल.

२. दुकान, त्यामागच्या दोन खोल्या, कामाची खोली, भट्टी, कल्हई केलेली तीन मोठी तांब्याची पातेली, लाकडी उलथणी, गाळण्याची मलमलीची फडकी आणि नदीपलीकडची गुलाबाची बाग, हे सर्व माझ्या भावजयीला, म्हणजे धाकट्याच्या बायकोला, आणि तिच्यामागे माझ्या पुतणीला मिळावे. माळीबुवांना कामावरून काढू नये. ते बोलतात फार, पण ऊन वर येण्याआधी बाग तोडून देणारा दुसरा माणूस मिळणार नाही.

पुतणी सरबत करायला आपल्या बापाकडून शिकली आहे, तेव्हा तिला मी काय सांगणार? तरी एक सांगतो. पाकळीच्या बुडाशी जो पांढरा भाग असतो तो सगळाच्या सगळा काढू नये. थोडा राहू द्यावा. त्याने शेवटी जिभेवर किंचित कडू लागते आणि माणूस दुसरा घोट घेतो. लिंबू पाक उतरवल्यावरच पिळावे. रंग त्यानेच उघडतो, वरून रंग घालावा लागत नाही.

आणि दुकान चालवताना हे काय दुकान आहे ते ध्यानात ठेवावे. आमचे वडील, ज्यांना आम्ही अण्णा म्हणत असू, म्हणायचे की पाणी तहानेला देतात, सरबत माणसाला देतात. साठ वर्षे मी गल्ल्यावर बसून पाहिले. मुलगी बघायला पाहुणे येणार म्हणून बाटली नेतात. बाळंतीण घरी आली म्हणून नेतात. दोन घरांत वर्षभर बोलणे नसते, मग एका घरातली बाई येते, बाटली घेते आणि न विचारता सांगते, "शेजारी जायचंय. रिकाम्या हाताने कसं जायचं?" मी समजून जायचो. नापास झालेल्या मुलाला बाप इथे आणायचा, काही न बोलता ग्लास पुढे करायचा. ज्या घरात माणूस गेले आहे आणि कोणाच्या घशाखाली घास उतरत नाही, तिथेही हेच जाते, कारण ते चावावे लागत नाही. एवढ्या लोकांच्या समेटाचे सरबत मी केले. माझ्या घरातला समेट मात्र मला जमला नाही.

३. आता कारण.

सत्तावीस वर्षांपूर्वी गुलाबाच्या हंगामात आमच्या एक जुन्या गिऱ्हाईक बाई बाटली परत घेऊन आल्या. म्हणाल्या, "यंदाचं सरबत जिभेवर राहत नाही, नाकात राहतं." मी ग्लासभर करून प्यालो. बाईंचे खरे होते. इसेन्सचा वास होता.

आमच्या दुकानात इसेन्स म्हणजे घरात चोर. मी कामाची खोली धुंडाळली आणि साखरेच्या पोत्यांमागे एक लहान तपकिरी बाटली सापडली, अर्धी संपलेली. धाकटा तेव्हा पाक ढवळत होता. अण्णा खिडकीपाशी पाट घेऊन पाकळ्या निवडत बसले होते. भावजय फडकी पिळत होती. मी बाटली सगळ्यांसमोर धरली.

"ही कोणाची?"

धाकट्याने बाटलीकडे पाहिले. मग अण्णांकडे पाहिले. मला वाटले, वडिलांच्या आड लपायला बघतो आहे. मग तो म्हणाला, "माझी आहे, दादा."

"कधीपासून?"

"गेल्या हंगामापासून."

"का?"

तो पाक ढवळत राहिला. मी त्याला नाही नाही ते बोललो. लबाड म्हणालो, बापाच्या घामात पाणी घालणारा म्हणालो. अण्णांचे हात थांबले होते. एवढे मला पक्के आठवते, की ते थांबले आणि थोड्या वेळाने पुन्हा पाकळ्या निवडू लागले. अण्णा एक शब्द बोलले नाहीत. मी त्याचा अर्थ असा घेतला की माझा न्याय त्यांना मान्य आहे.

धाकटा त्याच आठवड्यात बायको आणि तान्ही मुलगी घेऊन घराबाहेर पडला. दोन गल्ल्या सोडून, बसथांब्याजवळ, त्याने स्वतःचे सरबताचे दुकान काढले.

४. माझ्या हातून पुढे जे घडले तेही इथे नोंदवतो, म्हणजे मी गेल्यावर कोणी मला भला माणूस म्हणायला नको.

मी दुकानावर पाटी लावली: "आमची दुसरीकडे शाखा नाही. येथे इसेन्स वापरत नाहीत." कोणी म्हणाले की धाकट्याचेही सरबत चांगले असते, की मी म्हणायचो, "ज्याला नाक आहे त्याने तिकडे जाऊ नये." हे मी अण्णांसमोर कितीतरी वेळा म्हटले. अण्णा उठून आत जायचे.

तीन वर्षांनी अण्णा गेले. धाकटा आला, मागे उभा राहिला आणि निघून गेला. मी त्याच्याशी बोललो नाही.

माझ्या मुलीच्या लग्नाचे आमंत्रण मी त्याला दिले नव्हते. तरी तो कार्यालयाच्या दाराशी आला. हातात सरबताचा मोठा कॅन होता. म्हणाला, "दादा, मी आत येत नाही. पोरीच्या लग्नात माझ्याकडून एवढं." मी तो कॅन घेतला आणि त्याच्या डोळ्यांदेखत मोरीत ओतला. नवरीच्या वेशात मुलगी खिडकीतून पाहत होती. धाकटा रिकामा कॅन उचलून गेला. माझी पत्नी त्या दिवसापासून मरेपर्यंत सरबत प्यायली नाही. विचारले तर म्हणायची, "गोड सोसत नाही हल्ली." मी तेही खरे मानले.

५. दुकानावरची ती इसेन्सची पाटी मी स्वतः उतरवायला गेलो होतो, पण स्टुलावर चढता आले नाही. पुतणीने ती उतरवावी, फोडावी आणि भट्टीत घालावी. नवी पाटी लावायचीच असेल तर तिच्या बापाच्या नावाची लावावी.

६. यंदा हंगाम संपता संपता धाकटा गेला. महिनाभर आजारी होता, मला कळले नव्हते. चौथ्या दिवशी भर दुपारी मी त्याच्या घरी गेलो. सत्तावीस वर्षांत पहिल्यांदा. भावजयीने दार उघडले, पाहिले, बाजूला झाली. आतून ग्लास घेऊन आली.

"घ्या भावजी. उन्हातून आलात."

नाही म्हणायला तोंड नव्हते. एक घोट घेतला आणि ग्लास खाली ठेवला. आमच्या हातचे होते. फिकट रंग, शेवटी किंचित कडू.

"हे त्याने केलेलं?"

"यंदाचंच. पाक ढवळायला बसवत नव्हतं, तर खुर्ची ओढून बसले होते."

लाज सोडून मी विचारले, "यात इसेन्स नाही?"

तिचा आवाज चढला नाही. "या घरात इसेन्सची बाटली कधी आलीच नाही, भावजी. आणि ती बाटलीही यांची नव्हती. मामंजींची होती."

मग तिने सांगितले. मोठ्या तापानंतर अण्णांचे नाक गेले होते. ओंजळभर पाकळ्या तोंडाशी धरल्या तरी काही कळायचे नाही. सरबताला वासच नाही असे वाटून ते पातेल्यात थेंब टाकायचे, आणि तरी येत नाही म्हणून आणखी टाकायचे. धाकट्याने ते पाहिले. अण्णा त्याला म्हणाले, "कोणाला बोलू नकोस. दादाला तर नकोच. नाक गेलं म्हटल्यावर मी या खोलीत कशाला बसू?" धाकट्याने बाटली काढून घेतली, पोत्यांमागे लपवली. बाहेर नेऊन टाकायच्या आधी ती मला सापडली.

"अण्णा गेल्यावर तरी सांगायचं," मी म्हटले.

"मी म्हटलं होतं त्यांना. तर म्हणाले, दादाला अण्णांचा केवढा अभिमान. भाऊ तर गेलाच आहे त्याचा. बापही कशाला काढून घ्यायचा?"

पुतणी मला घरी सोडायला आली. वाटेत माझा हात तिने धरला होता.

घरी आल्यावर एकेक आठवू लागले. अण्णा त्या वर्षी मलाच म्हणायचे, "तू बघ रे वास." एकदा दूध करपून धूर झाला, तरी ते शेजारच्या खोलीत तसेच बसून होते. मी म्हटले होते, "अण्णा, लक्ष कुठे असतं तुमचं?" एवढे तीक्ष्ण माझे नाक, आणि मला याचा वास आला नाही.

७. अण्णांचा दुकानातला मोठा फोटो कोणाला द्यावा ते मला ठरवता आलेले नाही. त्या दिवशी त्यांनी एक शब्द बोलायला हवा होता. एक शब्द, आणि माझा भाऊ माझ्याजवळ राहिला असता. त्यांना मी माफ केले आहे की नाही, तेही मला समजलेले नाही. मुलगी आणि पुतणी यांनी मिळून काय ते ठरवावे.

८. मी गेल्यावर भेटायला येणाऱ्यांना धाकट्याच्या दुकानचे सरबत द्यावे. माझे देऊ नये. कोणी कारण विचारले तर हा कागद वाचून दाखवावा, कलम चारसकट.

९. या कागदावर साक्षीदार म्हणून भावजयीची सही असावी अशी माझी इच्छा होती. वकीलबाई म्हणाल्या, ज्याला काही मिळते त्याची साक्ष चालत नाही. कायदा आहे, मी मान्य केले. पण त्या दिवशी फडकी पिळत ती तिथेच उभी होती. तेव्हा तिला कोणाकडून काही मिळायचे नव्हते. तेव्हाही तिची साक्ष कोणी घेतली नाही.

वरील सर्व मजकूर मी माझ्या हाताने लिहिला, दोनदा वाचला आणि साक्षीदारांदेखत सही केली.

मृत्युपत्र करणार: (सही) सरबतवाले दादा

साक्षीदार पहिला: (सही) समोरच्या औषधाच्या दुकानाचे मालक
साक्षीदार दुसरी: (सही) वरच्या मजल्यावरच्या शिवणकाम करणाऱ्या बाई

ठिकाण: दुकानामागची कामाची खोली
दिनांक: १७ मे, रविवार, सकाळी