भाकरी-मित्र, मॉडेल तीन

९ फेब्रुवारी, सोमवार

आजपासून रोज लिहायचं. वाचायला कोणी नाही, त्यामुळे खरं लिहायला हरकत नाही.

काल घरात मीटिंग झाली. हजर: बायको सुकन्या (शाळेत शिकवते), मेहुणा बसलिंगप्पा (मोहोळहून, फोनवर, स्पीकर ऑन) आणि मी, आरोपी. चादरीच्या कारखान्यातली सुपरवायझरची नोकरी सोडून वर्षभरात मी काय केलं, असा प्रश्न होता. उत्तर हॉलमध्येच उभं होतं: भाकरी-मित्र, मॉडेल तीन. कडक भाकऱ्या आडव्या पसरल्या की एक बाजू मऊ राहते. माझ्या स्टँडच्या तिरक्या खाचांत भाकऱ्या उभ्या राहतात, वारा दोन्हीकडून. कडक भाकरीच्या गावात हे आजवर कुणाला सुचलं नव्हतं. संक्रांतीला अक्कलकोटला सासूबाईंना पाठवलेल्या भाकऱ्या याच स्टँडवरच्या. त्यांनी नावं ठेवली नाहीत. आमच्याकडे याला पुरस्कार म्हणतात.

बसलिंगप्पा म्हणाला, दाजी, तुमचं डोकं लई चालतंय, पण घर चालंना की. स्टँडचा फोटो तरी पाठवा म्हणाला. पाठवला नाही. डिझाइनं अशीच चोरीला जातात.

शेवटी ठरलं: बावीस तारखेच्या रविवारपर्यंत कुणा जाणकार माणसानं माझ्या वस्तूला चांगलं म्हणायचं. नाहीतर तेवीसपासून मी बसलिंगप्पाच्या मोटर रिवाइंडिंगच्या दुकानात बसायचं. मी हसत हो म्हणालो. रात्री तीनदा उठून स्टँडचे स्क्रू तपासले. घट्ट आहेत.

११ फेब्रुवारी, बुधवार

जाणकार सापडला. पूर्व भागात एका बंद पॉवरलूमच्या शेडमध्ये नव्या कल्पनांच्या वस्तूंचं छोटं म्युझियम निघालंय. जुलेखा मॅडम चालवतात. डिझाइन शिकून आल्यात, शेड वडिलांचं. मॅडम नव्हत्या. त्यांचे रखवालदार महबूबभाई सगळं बघतात.

आतली फरशी नवी, म्हणून अनवाणी जायचं. दारात चपलांचा हा ढीग. परतताना माझी डावी चप्पल दुसऱ्याच कुणाच्या उजवीखाली निघाली. डिझाइनचं म्युझियम आणि दारात ही दशा.

आतल्या वस्तू ठीक. थेंब न गळणारी किटली. एका हातानं कांदा चिरायची फळी. हात थरथरणाऱ्यांसाठी जड मुठीचा चमचा (आमच्या घरात कुणाचा हात थरथरत नाही. उपयोग शून्य). एकाच पुठ्ठ्याची दुमडलेली खुर्ची. बसून बघणार होतो, महबूबभाई धावत आले.

मॉडेल तीन इथं नाही, हे म्युझियमचं नुकसान आहे.

१३ फेब्रुवारी, शुक्रवार

स्टँड रिक्षातून नेला. महबूबभाई म्हणाले, मॅडम बेंगळुरूला गेल्यात, बावीसला येतील, त्यांना विचारल्याबिगर आत काय ठेवता येत न्हाय. मी म्हणालो, रिक्षा सोडून दिली. त्यांनी स्टँडकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं, आणि म्हणाले, ऱ्हाऊ द्या मग हितं दाराजवळ, मॅडम आल्यावर बघतील.

म्हणजे दर्शनी जागा. किटलीला ती मिळालेली नाही.

घरी सांगितलं, निवड झाली. सुकन्यानं विचारलं, आत ठेवलाय का? म्हणालो, सगळ्यांच्या पुढं. यात खोटं काहीच नाही. बसलिंगप्पाशी बोलताना मात्र तोंडातून काचेची पेटी गेली. बोलण्याच्या ओघात पेटीवर दिवाही आला.

१४ फेब्रुवारी, शनिवार

बसलिंगप्पानं पेटी आणि दिवा दोन्ही अक्कलकोटला कळवलंय. सासूबाई बावीसला स्वतः बघायला येणार. मेहुणाही येणार.

स्टँडवर नावाची पाटी लावायची राहिली. मॅडम त्यांच्या पद्धतीनं लावतील. घाई नको.

१७ फेब्रुवारी, मंगळवार

म्युझियमसमोर रस्त्यापलीकडे चहाची टपरी आहे. तिथं बसून निरीक्षण केलं. कर्त्यानं कृतीजवळ उभं राहू नये, लोक मोकळेपणानं बघत नाहीत.

निरीक्षण: येणारा प्रत्येक माणूस आधी माझ्या स्टँडपाशी थांबतो. वाकतो. जवळून बघतो, मगच आत जातो. एक माणूस तर आत गेला होता, तो परत येऊन वाकला.

सुकन्या म्हणते, चष्म्याचा नंबर तपासून घ्या. मला रस्त्यापलीकडचं सगळं दिसतं. कडा जरा मऊ दिसतात एवढंच.

१९ फेब्रुवारी, गुरुवार

शिवजयंतीची सुट्टी. म्युझियमला तोबा गर्दी. स्टँडपुढे अक्षरशः रांग. बायका वाकतायत, शाळेची पोरं वाकतायत. एक आजोबा तर खाली बसले आणि दोन्ही हातांनी स्टँड चाचपत राहिले. बाहेर पडताना पुन्हा सगळे तिथंच. किटलीकडे दोनदा कोण जातं?

दोन बायकांचं एका खाचेवरून भांडण झालं. एवढी आपुलकी मला अपेक्षित नव्हती. डोळ्यांत पाणी आलं. त्यामुळे पुढचं नीट दिसलं नाही.

संध्याकाळी बसलिंगप्पाचा फोन. दाजी, टेबल पुसून ठेवलंय, म्हणाला. मी म्हणालो, त्यावर दुसरं काहीतरी ठेव. फोन ठेवल्यावर पाणी प्यायलो. दोन तांबे.

२० फेब्रुवारी, शुक्रवार

टपरीवरून महबूबभाईंना चहा पाठवला. परत आला. निःस्पृह माणूस, असं मनात म्हणतोय तोवर आठवलं, कालपासून रोजे सुरू झालेत. माफी मागायला रस्ता ओलांडणार होतो. नाही गेलो. मला बघून कुणीतरी ओळखायचं आणि सत्कार व्हायचा.

दुपारी जेवण गेलं नाही. आनंदानं.

२१ फेब्रुवारी, शनिवार

सासूबाई आल्या. सुंदरम्मा हे नाव घेतलं की अक्कलकोटच्या त्यांच्या गल्लीतले रिक्षावाले सरळ बसतात. आल्या आल्या पिशवीतून दोन कडक भाकऱ्या काढल्या. उद्या पेटी उघडून स्टँडवर ठेवायच्यात म्हणे. गल्लीत सगळ्यांना सांगून आल्यात, जावयाचा स्टँड काचेत बसवलाय.

मी म्हणालो, म्युझियममध्ये खाण्याचं नेता येत नाही. त्या म्हणाल्या, भाकरी खाण्याचं असतंय व्हय? ती अन्नपूर्णा हाय. भाकरी भुईवर पडली तर त्या उचलून कपाळाला लावतात.

काचेच्या पेटीचं काय करायचं, हा एकच बारीक मुद्दा उरलाय. सकाळी सुचेल.

२२ फेब्रुवारी, रविवार, सकाळी

सुचलं. पेटी धुवायला गेली, असं सांगायचं. इस्त्रीचा शर्ट घातलाय. बटणं एक घर चुकली, पण ते उत्साहामुळे.

त्याच दिवशी, संध्याकाळी

लिहावंसं वाटत नाही. तरी लिहितो.

रिक्षातून उतरलो, दारापर्यंत गेलो, आणि मॉडेल तीन पहिल्यांदा जवळून दिसला. प्रत्येक तिरक्या खाचेत एकेक चप्पल. कोल्हापुरी, रबरी, शाळेचे बूट. टाच वर, अंगठा खाली, एकही घसरत नव्हती. जिथं ढीग असायचा ती जागा झाडून स्वच्छ.

मी जागेवरच थांबलो. सुकन्यानं स्टँड ओळखला. तिनं माझ्याकडे पाहिलं आणि तोंडाला पदर लावला. हसू होतं की काय, कळलं नाही.

सासूबाई पुढे झाल्या. त्यांनी आपल्या चपला काढल्या, वरच्या खाचेत नीट बसवल्या, दोन पावलं मागे सरून बघितलं, आणि म्हणाल्या, चलो हाय की. चलो म्हणजे कन्नडमध्ये छान. लग्नाला एवढी वर्षं झाली, हा शब्द मी त्यांच्या तोंडून पहिल्यांदा ऐकला. कुणी केलंय हे, त्याला डोकं हाय, म्हणाल्या. बसलिंगप्पा म्हणाला, दुकानात असंच एक पायजे.

त्यांच्या काखेत पिशवी होती. पिशवीत दोन भाकऱ्या. संक्रांतीला त्यांनी खाल्लेल्या भाकऱ्या याच खाचांत वाळल्या होत्या. आधी भाकऱ्या आणि मग चपला, हा क्रम त्यांना समजावून सांगायची हिंमत माझ्यात नाही. कुणातच नाही.

तेवढ्यात जुलेखा मॅडम बाहेर आल्या. तरुण आहेत, बोलणं गोड. त्यांनी स्टँडभोवती एक चक्कर मारली, खाचेतून बोट फिरवलं. म्हणाल्या, आत एवढ्या वस्तू मी मांडल्यात, पण कुणी न सांगता लोकांनी नीट वापरलेली ही एकच. महबूबभाई, हे कुणी आणलं? मला हे आत ठेवायचंय, त्यांच्या नावासकट.

जाणकार माणूस. चांगलं म्हटलं. बावीस तारीख. सगळं ठरल्याप्रमाणे झालं होतं, फक्त मला एक वाक्य बोलायचं होतं.

महबूबभाईंनी माझ्याकडे पाहिलं. मी सासूबाईंच्या पिशवीकडे पाहिलं. मग मान हलवली, नाही म्हणून. ते म्हणाले, कुणीतरी ठेवून गेलं, मॅडम.

आत सासूबाईंनी विचारलं, तुमचं कुटं हाय? म्हणालो, पुण्याला प्रदर्शनाला पाठवलाय. पेटीसकट. बसलिंगप्पानं पाठीवर हात ठेवला आणि म्हणाला, उद्याची सकाळची एसटी धरा, दाजी.

मला फार वाईट वाटलं.

२३ फेब्रुवारी, सोमवार

मोहोळ. दुकान. टेबल खरंच पुसलेलं आहे. हे तात्पुरतं आहे. मोठ्या माणसांच्या आयुष्यात असा काळ येतो.

८ मार्च, रविवार

सुट्टीचा घरी आलो. सुकन्या परवा तिच्या शाळेची मुलं घेऊन म्युझियमला जाऊन आली. स्टँड आत आहे. किटलीच्या शेजारी, काचेच्या पेटीत, वर दिवा. तिनं पाटीचा फोटो दाखवला. चप्पल स्टँड. निर्माता: अज्ञात.

ती म्हणाली, मी मॅडमना सांगू का? आईला नाही कळू देणार. मी म्हणालो, नको. नावासाठी काम करणारा मी नाही. तिनं फोन पर्समध्ये ठेवला.

१४ मार्च, शनिवार

बसलिंगप्पानं काम दिलंय. दुकानाच्या दाराला म्युझियमसारखा चप्पल स्टँड करा म्हणाला. एक अक्कलकोटलाही पायजे, आईनं सांगितलंय. मग म्हणाला, त्याच्यासारखा हुबेहूब न्हाय जमणार तुमाला, पण बघा प्रयत्न करून.

प्लायवुड आणलं. खाचेचा कोन आठवेना.

१५ मार्च, रविवार

माप घ्यायला म्युझियमला गेलो. पेटीच्या काचेला टेप लावला तोच महबूबभाई आले. त्यांनी हळूच माझा हात बाजूला केला. हात लावता येत न्हाय, सर, म्हणाले, लांबनंच बघा.