रविवारच्या ऑपेराचा वारस

मी, अच्युत भालचंद्र धारप, वय ५६, धंदा वार्ताहर, राहणार पेण, हे मृत्युपत्र कोणाच्याही दडपणाविना लिहीत आहे. बुद्धी शाबूत असल्याचा दाखला डॉक्टरांनी दिला आहे, पत्नी सौ. सुरभी हिचे मत निराळे आहे. सोमवारी माझ्या हृदयाची शस्त्रक्रिया आहे.

१. पेणचे घर व बँकेतील शिल्लक सुरभीला. संस्कृत पोथ्याही तिलाच; धूळ तीच पुसते.

२. रोह्याचे मेहुणे प्रविण यांना माझा मोठा स्पीकर. ऑपेरातली बाई विंचू चावल्यासारखी ओरडते, असे ते वर्षानुवर्षे म्हणत आले. आता जवळून ऐकावे.

३. खरा घोळ पुढे आहे. मितेशच्या केबल वाहिनीवर दर रविवारी मी विनोदी ऑपेरा दाखवतो, म्हणजे सगळे भांडणतंटे गाऊनच करायचे असे परदेशी नाटक. आधी कथानक सांगतो. संस्कृत प्रहसने शिकलेल्या माणसाला हे सोपे जाईल, असा माझा समज होता. मग वडखळहून सीताबाईंचा फोन आला: “भाऊ, आमच्याकडं बापये लुगडी नेसून नाचतात, त्ये कळतं. हितं बाई पोरगा झालीय, नि तो पोरगा परत बाई. मंग तिचा नवरा कोन?” शोधून सांगतो म्हणालो. अजून शोधतो आहे. मितेश म्हणतो, “काका, तुमच्यामागं सांगणारं कुणी नसलं तर मी तिथं भजन लावीन.”

४. म्हणून हा कार्यक्रम मी मालूच्या नावे करतो. ती गणपतीच्या कारखान्यात डोळ्यांची आखणी करते. रविवारी समोर टीव्हीवर आमचा ऑपेरा चालू असतो. गेल्या वर्षी एका संशयी म्हाताऱ्याचे गाणे चालले असता तिच्या हातून ओळीतल्या सगळ्या मूर्तींची एक भुवई वर गेली. मालक रंग पुसायला निघाला, तोच रोह्याच्या मंडळाने त्यातली एक उचलली. “असू दे. आमची आरती तपासतोय असं वाटतं.” अशा रीतीने आमचा ऑपेरा रोह्याच्या कुंडलिका नदीत विसर्जित झाला.

मालूला विचारले, तर म्हणाली, “दादा, मला त्यातलं कायपन कळत नाय.”

“मलाही नाही.”

“मी वारस-बिरस व्हनार नाय. उद्याच्याला तुमच्या जागी बसते. पुढच्या रविवारी तुमी या, नायतर त्या बाईचा नवरा कोन त्ये सांगून जा.”

सबब, सदर नवरा सापडेपर्यंत कलम ४ अमलात येऊ शकत नाही, आणि मलाही तोवर कुठे जाता येणार नाही.

(सही) अच्युत भालचंद्र धारप

साक्षीदार:
मितेश म्हात्रे, पेण
सीताबाई ठाकूर, वडखळ (सही करताना त्यांनी पुन्हा तेच विचारले)

पेण, शनिवार, १४ जून २०२५