सड्याक दिल्ली बाय

६ जानेवारी २०२५, सोमवार

पोचले एकदाची. फोंडाघाटाची वळणं संपता संपत नव्हती, पण विजयदुर्गाच्या अलीकडे सड्यावर, उघड्या कातळाच्या माळावर गाडी थांबली, खाली समुद्र दिसला आणि सगळं माफ केलं. विश्रामगृह छोटं आहे, स्वच्छ आहे. स्वयंपाकाला काशीबाई आहेत. आल्या आल्या त्यांनी घावणे आणि काळ्या वाटाण्याचं सांबारं पुढे ठेवलं. मी पाच घावणे खाल्ले, हे फक्त इथेच कबूल करते.

सव्वीस वर्षं मी कुलपांचीच नोकरी केली. देशातला किरणोत्सारी ऐवज नको त्या हाती पडू नये, यासाठीच्या प्रत्येक कागदावर शेवटची सही माझी. दिल्लीच्या ऑफिसात माझ्या नावाने लोक चळाचळा कापतात, असं म्हणतात. मी ते कधी नाकारलं नाही. इथल्या सड्याखाली आमचं एक कोठार आहे. वर्षभरात पहाऱ्याच्या तीन तुकड्या बदली मागून गेल्या, सध्या नुसते कॅमेरे आहेत. माझा उपसंचालक निहार म्हणाला, मॅडम, तुम्हीच बघून या, दुसऱ्या कुणावर माझा भरवसा नाही. पंधरा वर्षं मीच घडवलाय त्याला. खुशामत करतो हे कळतं, तरी बरं वाटतं.

२५ला परत. तन्वी २ फेब्रुवारीला कॅनडाला जाते. मधले आठ दिवस पुण्याच्या घरी फक्त आम्ही मायलेकी. तिच्या दहावीला, पदवीला, तिच्या बाबांच्या शेवटच्या आजारपणातसुद्धा मी कुठल्या तरी कोठारावर होते. या वेळी शब्द दिलाय.

९ जानेवारी

कोठार चोख आहे. दारं, कुलपं, मोजमापं, कशालाही नाव ठेवायला जागा नाही. थोडी निराशाच झाली.

दुपारी गावचे मानकरी मंगेश भेटायला आले. साठीचे, काजूच्या बागा असलेले, अतिशय नम्र. म्हणाले, कोठाराचा खड्डा खणताना आमच्या राखणदाराचा पाषाण काढला. गावाची सीमा राखणारा तो. हद्दीत कुणी शिरलं तर काठी घेऊन उभा राहायचा. "तुमी आमचो राखणदार उठवलात. आता तेच्या जाग्यार कोण?" मी अठरा कॅमेऱ्यांचा हिशेब सांगितला. ते हसले नाहीत. आमच्या खात्याने लेखी उत्तर दिलंय, विषय मिटलाय, फक्त तिथी धरायची होती, असं म्हणून उठले. खातं लेखी उत्तर देतं हे ऐकून मीच चकित झाले.

११ जानेवारी

आज गावकऱ्यांनी माझा सत्कार केला. कुंपणाच्या आत, जुन्या पाषाणाच्या जागी. मंगेशांनी नारळ ठेवून गाऱ्हाणं घातलं, प्रत्येक ओळीला सगळे "व्हय म्हाराजा" म्हणत होते. मी पुण्याची, मला त्यांचं निम्मंच समजलं. "सड्याक दिल्ली बाय, ती मान्य करून घे" एवढं कळलं. दिल्लीची बाई म्हणजे मी. पत्ताही चुकला नाही त्यांचा.

शाल-श्रीफळाऐवजी इथे जाड चामड्याच्या वहाणा आणि काठी देतात. फोटोसाठी वहाणा घातल्या, काठी धरली. सगळे पाया पडले, म्हाताऱ्या बायकासुद्धा. मला अवघडल्यासारखं झालं. निहारला फोटो पाठवला. शोभून दिसताय, असं उत्तर आलं.

१४ जानेवारी

काशीबाईंनी तिळगूळ दिला, पण नजर वर केली नाही. काही चुकलं का विचारलं तर उंबऱ्याकडे बघून "नाय गो बाय" म्हणाल्या.

संध्याकाळी कॅमेरे तपासले. रोज दुपारी बाराला कुंपणाच्या आतून एक बाई चालते. वहाणा, काठी, माझा निळा कुर्ता. चेहरा माझा आहे. बाराला मी इथे पेज जेवत असते. घड्याळं चुकली असतील, असं नोंदवहीत लिहिलं. सव्वीस वर्षांत पहिल्यांदा मी नोंदवहीत खोटं लिहिलं.

१७ जानेवारी

कपाटातल्या वहाणा काढून बघितल्या. सत्कारानंतर पायात घातल्या नव्हत्या. तळ झिजून भोकं पडलीत. माझ्या टाचांना फोड आलेत, तांबडी माती नखांत रुतली आहे.

सकाळी दाराशी नवा जोड ठेवलेला होता.

१९ जानेवारी

कोठाराच्या दारावरचं यंत्र माझा चेहरा ओळखत नाही. चार वेळा उभी राहिले. समोर कुणी नाही, असं पडद्यावर येतं.

निहार फोन उचलत नाही. गाडी काढली. ओहोळावरच्या साकवापर्यंत गेले, पलीकडे गावाची हद्द संपते. मग मी कुंपणापाशी उभी होते. गाडी साकवाजवळच होती. तीनदा हेच झालं. तिसऱ्या वेळी रडले.

२१ जानेवारी

मंगेशांकडे ते लेखी उत्तर मागितलं. त्यांनी प्लास्टिकच्या पिशवीत जपून ठेवलंय. आमच्याच खात्याचा कागद, अक्षर निहारचं. "ग्रामस्थांच्या मागणीनुसार सदर जागी कायमस्वरूपी राखणदार देण्यात यावा. दर्जा: विभागप्रमुख. मुदत: नाही." खाली 'मान्य'. सही माझी.

खरी सही. बारा ऑगस्ट. तो दिवस आठवतो. समोर फायलींचा ढीग, निहार शेजारी उभा, प्रत्येक पानावर 'येथे सही'ची पिवळी चिठ्ठी. म्हणाला, नेहमीचेच आहेत मॅडम, मी वाचलेत. दुसऱ्या कुणाचा कागद मी न वाचता सोडला नसता. त्याचा सोडला. केसाने गळा कापला, आणि तो केस मीच हातात दिला.

मंगेश म्हणाले, "तुमी खुशयेन इलात असा सायबान सांगल्यान." खरंच तसं वाटलं होतं त्यांना. त्यांच्या डोळ्यांत पाणी होतं. मग काशीबाईंनी गाऱ्हाण्यातल्या त्या ओळीचा अर्थ सांगितला. इथल्या बोलीत दिल्ली म्हणजे दिलेली.

२२ जानेवारी

निहारसाहेब सप्टेंबरात स्वतः येऊन गेले म्हणे. पोटभर जेवले. एकच प्रश्न विचारला, बाईंना किती दिवस राहावं लागेल. मंगेशांनी सांगितलं, "भितूर ता आसा तोपर्यंत."

आत काय आहे ते मला पाठ आहे. चोवीस हजार वर्षांनी ते निम्मं होतं.

माझ्या खुर्चीत निहार सोमवारी बसला. खात्याच्या संकेतस्थळावर फोटो आहे.

२३ जानेवारी

दुपारी कुंपणाखालून एक कुत्रा आत आला. मी त्याला हाकलायला गेले, एवढंच. भानावर आले तेव्हा काठीला रक्त होतं. कुत्रा हालत नव्हता. मला राग आला नव्हता. काहीच आलं नव्हतं.

२५ जानेवारी

आज पुण्याला जायचं होतं. कालपासून पाय कुंपणाबाहेर पडत नाहीत.

काशीबाई कुंपणाबाहेर पान वाढून ठेवतात, हात जोडतात. मी हाका मारल्या. त्या माझ्यातून पलीकडे बघत होत्या —

एक कळलं. लिहीत असले की उजवा हात काठी धरत नाही. म्हणून लिहिते. काहीही लिहिते.

२६ जानेवारी, दुपार

तन्वी आली आहे. निहारने आणलं. आई बेपत्ता झाली असं सांगितलंय तिला. तिच्या पाठीवर हात ठेवून बोलतो आहे, मला सगळं ऐकू येतं. म्हणतो, मॅडम शेवटच्या आत दिसल्या होत्या, तू हाक मारलीस तर कदाचित —

तो स्वतः कुंपणाच्या रेषेबाहेर उभा आहे. माहीत आहे त्याला. सगळं माहीत आहे. निहार, तिने काय केलं होतं रे तुझं —

फाटक उघडलं. तनू, मागे फिर. ओरडते आहे मी, तिला ऐकू —

आई म्हणाली. मला आई म्हणाली.

पाय चालायला लागले. लिहीत राहायला हवं. चालता चालता लिहिते. उजवा हात वहीत आहे, घट्ट धरलाय, सोडणार नाही. सोडणार नाही, तनू. काठी डाव्या